पोपटीच्या दिवसांत देवकुंड

देवकुंडला जायचं तर जानेवारीत जावं. धबधबा म्हटला की जुलै-ऑगस्टच डोळ्यांपुढे येतो आणि त्या दिवसांत शनिवार-रविवारी ताम्हिणी घाटात गाडी लावायला जागा मिळत नाही. पण रायगड जिल्ह्यात, भिरा गावामागच्या घळीत पडणारा हा धबधबा भर पावसात गाठायचा नसतोच. वाटेत ओढे आडवे येतात. त्यांना पाणी येतं ते वरच्या घाटमाथ्यावरून, त्यामुळे खाली भिऱ्यात ऊन पडलेलं असतानाही ओढ्याला लोंढा येऊ शकतो. ताम्हिणीत २०२४ च्या जुलैमध्ये एका दिवसात ५५६ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. असं पाणी माथ्यावरून खाली यायला फार वेळ लागत नाही. सकाळी घोट्याएवढ्या पाण्यातून पलीकडे गेलेली माणसं दुपारी दोन ओढ्यांच्या मध्ये अडकतात, आणि ज्यांना दम धरवत नाही ती पाण्यात उतरून वाहून जातात. म्हणून जिल्हा प्रशासन पावसाळ्यात इथे मनाई आदेश काढतं. तो चुकवून आडवाटेने नेतो म्हणणारी माणसंही भेटतात. त्यांच्याबरोबर जाऊ नये.

जानेवारीत धार बारीक झालेली असते, हे खरं. पण कुंडाचं पाणी निवळलेलं असतं, ओढे दगडांवर पाय ठेवत ओलांडता येतात, जळवा नसतात. आणि याच दिवसांत, भात कापून मोकळ्या झालेल्या खाचरांत, जमिनीत उरलेल्या ओलीवर आणि रात्रीच्या दवावर वाल येतो. शेंगा भरल्या की रायगडात पोपटी लागते, म्हणजे या शेंगा पाल्यासह मडक्यात भरून शेतात जाळावर भाजतात. डिसेंबर सरता सरता शेंगा सुरू होतात, फेब्रुवारीचा मध्य ओलांडला की निबर होतात. धबधबाही त्यानंतर रोडावतो आणि भिऱ्याचा उन्हाळा तर प्रसिद्धच आहे. २०१७ च्या मार्च महिन्यातच इथे ४६.५ अंश तापमान नोंदलं गेलं होतं. तेव्हा संक्रांतीच्या मागचापुढचा एखादा शनिवार-रविवार धरावा: शनिवारी रात्री पोपटी, रविवारी सकाळी देवकुंड, दुपारी चुलीवरचं जेवण आणि परत.

शनिवार

पुण्याहून पिरंगुट, पौड, मुळशी, ताम्हिणी असं यायचं. शंभरेक किलोमीटर पडतात आणि घाट धरून तीन तास लागतात. पेट्रोल पौडपर्यंत भरून घ्यावं, पुढे भरवसा धरू नये. घाट उतरून विळ्याच्या परिसरात आलं की भिरा-पाटणूसचा रस्ता उजव्या हाताला लागतो. मुंबईकरांना पनवेल, पेण, नागोठणे, कोलाड आणि तिथून विळ्याकडे वळून यावं लागतं. मुंबई-गोवा महामार्गावरच्या गर्दीचा अंदाज घेऊन पाच तास हाताशी ठेवावेत. रेल्वेने येणाऱ्यांना कोलाड किंवा माणगाव जवळ, पण पुढची गाडी आधी ठरवून ठेवलेली बरी. घाटात आणि पाटणूसच्या बाजूला मोबाइलला रेंज कधी असते, कधी नसते. त्यामुळे मुक्कामाच्या घरचा पत्ता आणि वाटाड्याचा नंबर कागदावर लिहून घ्यावा, आणि रोख पैसे जवळ ठेवावेत. रेंज नसली की फोनवरून पैसे जात नाहीत आणि शेंगावाल्या मावशींना ताटकळावं लागतं.

दुपारी तीनपर्यंत गावात पोहोचावं. त्यामागे कारण आहे: पोपटीच्या मडक्यात घालायचा भांबुर्डीचा पाला उजेडातच गोळा करावा लागतो.

गावात शिरताना डोंगरावरून उतरणारे जाडजूड नळ आणि पायथ्याचं वीजगृह दिसतं. टाटांचं हे वीजगृह १९२७ सालचं. त्याला पाणी येतं डोंगराच्या पलीकडून, मुळशीच्या धरणातून. मुळा नदीचं जे पाणी एरवी भीमेतून, कृष्णेतून बंगालच्या उपसागराला मिळालं असतं, ते बोगद्यातून इकडे वळवून कोकणात उतरवलं आहे. त्याच धरणाविरुद्ध १९२१ मध्ये मुळशी सत्याग्रह सुरू झाला आणि पांडुरंग महादेव बापट तिथूनच सेनापती म्हणून ओळखले जाऊ लागले. घाटातून येताना उजवीडावीकडे जे सुंदर पाणी पसरलेलं दिसतं, त्याखाली मावळातली गावं आणि आंबेमोहोराची खाचरं आहेत, हे गाडीतल्या मुलांना जरूर सांगावं.

वीजगृहातून बाहेर पडलेलं पाणी भिऱ्याच्या छोट्या धरणात साठतं आणि कुंडलिका नदीत सोडलं जातं. कोलाडजवळचं राफ्टिंग सकाळच्या ठरावीक वेळेत का होतं, याचं उत्तर या सोडण्याच्या वेळेत आहे. रेवदंड्याला समुद्राला मिळेपर्यंत ही नदी बारमाही राहते ती याच पाण्यावर. देवकुंडाचा मात्र वीजगृहाशी संबंध नाही. ते कुंडलिकेचं उगमस्थान मानलं जातं आणि त्याला पाणी येतं ते फक्त माथ्यावर मुरलेल्या पावसाचं. म्हणून खालची नदी उन्हाळ्यातही वाहते आणि उगमाची धार मात्र रोडावते. वीजगृहाच्या आवारात शिरता येत नाही. बाहेरूनही फोटो काढण्याआधी विचारावं.

आता पोपटी. रायगडात घराघरांत लावतात, पण बाहेरचा माणूस पहिल्यांदा लावतो तेव्हा चार ठिकाणी चुकतो: शेंग, पाला, मडकं आणि जाळ.

शेंग हिरवी पण भरलेली हवी. बोटांनी दाबली की आतला दाणा टणक लागला पाहिजे आणि साल अजून ओलसर असली पाहिजे. दाणा पोसलेला नसेल तर उष्णतेने शेंग सुरकुतून नुसती साल उरते. पिवळी पडलेली शेंग घेतली तर दाणा पिठूळ होतो आणि घशात बसतो. शेंगा त्याच दिवशी तोडलेल्या घ्याव्यात. दहा माणसांना तीन किलो शेंगा लागतात. त्याबरोबर अर्धा किलो छोटे बटाटे, अर्धा किलो रताळी, दहा अंडी आणि मांसाहारी असतील त्यांच्यासाठी सव्वा किलो कोंबडी. मीठ खड्याचं, साधारण एक वाटी. ओवा तीन मोठे चमचे. हे सगळं एका मडक्यात कोंबायचं नाही. दहा ते बारा लिटरची दोन मडकी घ्यावीत, एक निव्वळ शेंगा-कंदांचं आणि एक कोंबडी-अंड्यांचं. शाकाहारी मंडळींचीही सोय होते आणि शिजण्याच्या वेळाही वेगळ्या सांभाळता येतात.

भांबुर्डी हे हिवाळ्यात शेताच्या बांधावर आपोआप उगवणारं रोपटं. पानं मऊ, लवदार, कडेला दातेरी. चुरगळली की कापरासारखा उग्र वास येतो आणि हा वासच पोपटीचा खरा मसाला. पाला ओला असतो, त्यामुळे शेंगा मडक्याला लागून करपत नाहीत आणि आत वाफही धरते. गावातल्या माणसाला बरोबर घेऊनच पाला काढावा. त्याच बांधावर दिसायला जवळची दुसरी रोपं असतात, आणि कोणत्या शेतात औषध फवारलं आहे हेही त्यालाच माहीत असतं. रस्त्याकडेचा धुळीचा पाला घेऊ नये. फुलावर येऊन वाळत चाललेली रोपंही टाळावीत, त्यांनी कडवटपणा येतो. दोन मडक्यांना दोन्ही हातांच्या कवेत मावतील असे तीन भारे लागतात. कमी पडला तर पोपटी बिघडते, उरला तर काही बिघडत नाही.

मडकं जुनं, वापरलेलं आणि आतून-बाहेरून कोरडं हवं. पाणी भरायचा ओला माठ जाळावर ठेवला तर मातीतल्या पाण्याची वाफ होऊन तो तडकतो, आणि तडकला की सगळी वाफ निघून जाते. बोटाच्या पेराने टिचकी मारून पाहावी. खणखणीत आवाज आला तर घ्यावं, बद्द आला तर कुठेतरी चीर आहे.

भरायची पद्धत अशी. तळाला पाल्याचा चार बोटं जाड थर. शेंगा धुऊन पूर्ण निथळून घ्यायच्या आणि त्यांना मीठ-ओवा चोळायचा. पाणी राहिलं तर शेंगा भाजत नाहीत, उकडतात, आणि चव पाणचट होते. बटाट्यांना मधोमध चीर देऊन आत लसूण-मिरची-मिठाचं वाटण भरायचं. कोंबडीचे तुकडे दीडशे ग्रॅमपेक्षा मोठे नकोत. हाडापर्यंत चिरा पाडून आलं, लसूण, हळद, घरचा मसाला, मीठ आणि लिंबू लावून निदान दोन तास मुरवायचे आणि केळीच्या पानात पुड्या बांधायच्या. कोंबडीच्या मडक्यात एक थर शेंगांचा, मध्ये पुड्या आणि अंडी, वर पुन्हा शेंगा. अंडी कडेला लागली तर फुटतात, म्हणून त्यांची जागा मधोमधच. वरून पाल्याचं जाड बूच, इतकं घट्ट की मडकं उलटं केलं तरी आतलं काही बाहेर पडणार नाही. मात्र आत चार बोटं पोकळी राहू द्यावी. ठासून भरलं की वाफ फिरत नाही आणि मधली कोंबडी कच्ची राहते, हा सर्वांत जास्त होणारा घोटाळा. वरून पाणी अजिबात घालायचं नाही, तेलही नाही.

जागा म्हणजे कापलेलं, मोकळं खाचर. पेंढ्याच्या उडवीपासून आणि झाडीपासून लांब. जानेवारीत गवत वाळलेलं असतं आणि एका ठिणगीने वणवा लागतो, म्हणून पाण्याच्या दोन बादल्या भरून शेजारी ठेवल्याशिवाय काडी ओढू नये. मडकं तोंडाकडून जमिनीवर उलटं ठेवायचं आणि भोवती रचाई करायची: खाली पेंढा, त्यावर काटक्या, बाहेरून गोवऱ्या. नुसता पेंढा भपकन पेटून दहा मिनिटांत विझतो. नुसती जाड लाकडं एका बाजूनेच तापवतात. गोवऱ्यांची धग सावकाश आणि सगळीकडून लागते. वारा असेल त्या बाजूला मडक्याचं एक अंग करपतं आणि दुसरं कच्चं राहतं, तेव्हा त्या अंगाला जळण कमी आणि पलीकडे जास्त लावावं. शेंगांच्या मडक्याला अर्धा तास, कोंबडीच्या मडक्याला चाळीस ते पंचेचाळीस मिनिटं धरावीत. झालं की नाही ते पाहायला मडक्यावर पाण्याचे थेंब शिंपडतात. चर्र करून लगेच उडाले आणि भांबुर्डीबरोबर भाजल्या शेंगांचा वास सुटला, की जाळ बाजूला ओढायचा. आणखी दहा मिनिटं मडकं तसंच राहू द्यायचं, मग ओल्या गोणपाटाने धरून सुपात किंवा केळीच्या पानांवर उलटायचं. वरचा पाला काढून टाकायचा, तो खात नाहीत.

कोंबडीची एक पुडी उघडून हाडाजवळ पाहावं. गुलाबी दिसलं तर सगळ्या पुड्या निखाऱ्यांवर दहा मिनिटं ठेवाव्यात. मडक्यात परत भरून उपयोग नाही, कारण फुटलेली वाफ पुन्हा धरत नाही.

शेंग गरम असतानाच खायची. शेंगेचं टोक मोडून दातांत धरून ओढली की दाणे तोंडात येतात आणि साल हातात राहते. बरोबर काही लागत नाही. फार तर लिंबाची फोड. ज्यांना बाजारातले कडवे वाल आवडत नाहीत, त्यांनाही ही शेंग आवडते, कारण कोवळ्या दाण्यात तो कडवटपणा आलेला नसतो. एका माणसाच्या वाट्याला आलेल्या तीनशे ग्रॅम शेंगा बघता बघता संपतात. पण दुसऱ्या दिवशी चालायचं आहे आणि वालाने पोटात वात धरतो. ओवा त्यासाठीच घातलेला असतो, तरी हात राखून खावं. राखेवर पाणी ओतून, ती काठीने उलथून पुन्हा पाणी ओतावं आणि दहाला झोपावं.

रविवार

जानेवारीच्या मध्यावर इथे सूर्य सव्वासातच्या सुमारास उगवतो. साडेसहाला चहा आणि नाश्ता, सातला वाटेवर. नाश्ता हलका असावा: तांदळाच्या पिठाची घावनं आणि खोबऱ्याची चटणी, किंवा पोहे. प्रत्येकाजवळ दोन लिटर पाणी, चिक्की किंवा गूळ-शेंगदाणे, टोपी, सुका पंचा, बदलायचे कपडे आणि कचरा परत आणायला एक रिकामी पिशवी.

सुरुवातीला नावं, मोबाइल नंबर आणि वाटाड्या यांची नोंद होते. वाटाड्या गावातलाच घ्यावा आणि मोबदला आदल्या संध्याकाळीच ठरवून टाकावा. एका वाटाड्यामागे दहा-बारा माणसं, त्याहून जास्त नकोत. वाट सोपी आहे, वाटाड्या कशाला, असं पुष्कळांना वाटतं. पहिला तासभर ते खरंही असतं. पुढे जंगलात गुरांच्या वाटा फुटतात आणि त्या माणसांच्या वाटेपेक्षा रुंद असतात. चुकणारे सगळे तिथेच चुकतात. शिवाय कुंडात कुठपर्यंत उतरायचं, हे ज्याने त्या पाण्याचे सगळे ऋतू पाहिले आहेत त्यालाच कळतं.

जायला साधारण सहा किलोमीटर, यायला तेवढेच. लहान मुलांसह सव्वादोन ते अडीच तास जातात. पहिला टप्पा भिऱ्याच्या धरणाच्या पाण्याकडेने, जवळजवळ सपाट आणि उघडा. सकाळी इथे गारवा असतो आणि पाण्यावर धुकं असतं. परतताना हाच टप्पा सर्वांत तापतो. म्हणून पाणी जाताना संपवू नये, निदान पाऊण लिटर या परतीच्या तासासाठी राखावं. पुढे झाडी सुरू होते, सावली दाट होते, आणि पहिला ओढा लागतो.

ओढा ओलांडताना कोरडा दगड निवडावा, ओला नाही, आणि हिरवा-काळा तुकतुकीत दगड तर मुळीच नाही. त्या तुकतुकीवर शेवाळ असतं. धावण्याचे मऊ तळाचे बूट कोरड्या वाटेवर छान चालतात आणि इथे दगा देतात. खोल खाचांच्या रबरी तळाचे बूट घ्यावेत. दगड हलत असेल तर त्यावर उभं राहून तोल सावरण्यापेक्षा सरळ घोटाभर पाण्यात पाय टाकावा. बूट भिजला तर वाळतो, पाय मुरगळला तर चार माणसांना उचलून आणावं लागतं. रुग्णवाहिका इथवर येऊ शकत नाही.

झाडीत वाटाड्या हमखास एका वेलीपाशी थांबवतो. खाजकुयली. जानेवारीत तिच्या शेंगा वाळून तपकिरी होतात आणि त्यांवरची लव वाऱ्यानेही उडते. अंगाला लागली तर खाजवायचं नाही, घासायचं नाही. घासलं की लव पसरते आणि आत रुतते. चिकटपट्टी त्वचेवर दाबून उपटून काढावी, दोन-तीनदा. गावात शेणाचा लेप लावून तो वाळल्यावर काढतात, त्यामागचं काम तेच: लव ओढून घ्यायची. बाह्या लांब असल्या की हा प्रश्न फारसा येत नाही. औषधांच्या पेटीत चिकटपट्टीचं एक रीळ याचसाठी ठेवावं.

शेकरू दिसण्याची शक्यता या टप्प्यात असते, पण बोलत चालणाऱ्या टोळीला नाही. ओढ्याजवळ एखादी लांब, माणसाने घातल्यासारखी शीळ ऐकू आली तर ती शीळकरी कस्तूर या पक्ष्याची. धायटीची लाल फुलं या दिवसांत वाटेकडेला दिसतात.

शेवटचा अर्धा-पाऊण तास खडकांचा. चढ फार नाही, पण मोठमोठ्या धोंड्यांवरून चढ-उतार आहे आणि हात लावावे लागतात. गुडघे दुखणाऱ्यांनी इथे काठी घ्यावी. पाच-सहा वर्षांच्या मुलांना मोठ्या माणसाचा एक हात सतत लागेल. त्याहून लहानांना आणू नये. कड्यांच्या कपारींत आग्या मोहोळं असू शकतात. अत्तर, फवारे घरीच ठेवावेत, विडी-सिगारेट पेटवू नये आणि आरडाओरडा करू नये. उठलेल्या आग्या माशांपासून पळायला या घळीत जागा नाही.

मग वळण येतं आणि कुंड समोर. तिन्ही बाजूंनी काळ्या पाषाणाचे उभे कडे आणि मधोमध वरून पडणारं पाणी. लाव्ह्याचे थरावर थर बसून सह्याद्री झाला. त्यातला एखादा थर कठीण आणि खालचा थोडा मऊ असला की पडणारं पाणी मऊ थर कोरत जातं. खाली डोह होतो आणि मागे कडा आत शिरत जातो. देवकुंडाचा तो गोल आकार असाच कोरला गेला आहे. पावसाळ्यात इथे तुषारांनी धड उभं राहता येत नाही, कडा दिसत नाही, बोललेलं ऐकू येत नाही. जानेवारीत कड्याचे थर वाचता येतात, कुंडाच्या कडेचा तळ दिसतो. ज्याला नुसता गडगडाट ऐकायचा नाही, देवकुंड नीट पाहायचं आहे, त्याने याच दिवसांत यावं.

पाण्यात उतरण्याबद्दल स्पष्ट लिहितो. कडेला गुडघाभर वाटणारं पाणी दोन पावलांत डोक्यावर जातं, कारण डोहाचा उतार सरळ तुटलेला आहे. धारेखाली जाऊ नये: पडणारं पाणी माणसाला खाली दाबतं, आणि त्याबरोबर वरून सुटलेला दगडही येऊ शकतो. घळीत ऊन उशिरा उतरतं, त्यामुळे जानेवारीत पाणी फार गार असतं. घामेजलेल्या अंगाने एकदम उडी मारली तर श्वास अडकतो आणि पट्टीचा पोहणाराही गोंधळतो. वाटाड्या दाखवेल तिथेच, दोर बांधला असेल तर त्याच्या अलीकडे, तरंगणारं जाकीट घालून, पंधरा मिनिटं. ज्या दिवशी तो नाही म्हणेल त्या दिवशी नाही. कुंडात साबण, शाम्पू नको. हेच पाणी खाली जातं आणि पुढे लोक ते वापरतात.

साडेनऊला पोहोचलो तर साडेदहाला निघायचं. उशिरा पोहोचलेल्यांनीही बाराच्या पुढे थांबू नये. उतरताना खडकांच्या टप्प्यात दमलेले पाय जास्त घसरतात, म्हणून उतरणीचा वेळ चढणीपेक्षा फारसा कमी धरू नये. एकच्या आत गावात.

जेवायला घरची मावशी पान मांडते तेव्हा त्यावर आदल्या रात्रीचाच वाल दुसऱ्या रूपात असतो: बिरडं. हे वाल मात्र गेल्या हंगामातले, वाळवलेले, कडवे. रविवारी दुपारी बिरडं हवं असेल तर मावशींना गुरुवारीच कळवावं लागतं. दहा माणसांना अर्धा किलो वाल दहा तास भिजवून, उपसून फडक्यात बांधतात. थंडीत मोड यायला दीड दिवस लागतो. मग कोमट पाण्यात अर्धा तास टाकून एकेक दाणा सोलायचा. हे सोलणं वेळखाऊ आहे आणि त्याचीच मजुरी जेवणाच्या दरात असते, तेव्हा दरावरून घासाघीस करू नये. फोडणी मोहरी, जिरं, हिंग, कढीपत्ता, ठेचलेला लसूण आणि कांद्याची. हळद, घरचा मसाला, मग वाल हलक्या हाताने परतून, बुडतील इतकंच आधण घालायचं आणि झाकणावर पाणी ठेवून मंद आचेवर शिजवायचं. पळीने सारखं ढवळलं की दाणे मोडून पिठलं होतं. पातेलं कडेला धरून हलवायचं. कुकर नकोच. आमसुलं, गूळ आणि ओलं खोबरं दाणा बोटाने चेपला जाईल तेव्हाच घालायचं. आंबट आधी पडलं तर वाल टरटरीत राहतो, मग कितीही जाळ घाला.

बरोबर तांदळाची भाकरी. जेवढं पीठ तेवढंच उकळतं पाणी, चिमूटभर मीठ, पीठ एकदम टाकून झाकण. पाच मिनिटांनी ती उकड गरम असतानाच हाताला पाणी लावून मळायची. उकड थंड झाल्यावर मळली तर कडा फाटतात, पीठ महिन्याभरापूर्वीचं असलं तरी फाटतात. भाकरी तव्यावर टाकून वरून पाण्याचा हात फिरवायचा, पाणी सुकायच्या आत उलटायची, मग निखाऱ्यापाशी धरून फुगवायची. शिवाय सुकटीची किंवा जवळ्याची चटणी, कांदा, भात आणि सोलकढी. गावठी कोंबडीचा रस्सा हवा असेल तर तोही आधी सांगावा. गावठी कोंबडीला चुलीवर दीड तास लागतो आणि घाई केली की ती चिवट राहते.

तीनला निघालं तर पुण्याकडे जाणाऱ्यांचा घाट उजेडात पार होतो. ताम्हिणीत रविवारी संध्याकाळी परतीची गर्दी असते आणि वळणांवर पुढे काढण्याची घाई करणाऱ्या गाड्या असतात, तेव्हा अंधार टाळलेला बरा. कोलाडमार्गे जाणाऱ्यांनी रात्री उशिरापर्यंतचा हिशेब ठेवावा.

निघताना शेंगा घ्यायच्या असतील तर सकाळी वाटेवर निघण्याआधीच सांगून ठेवाव्यात, म्हणजे दुपारपर्यंत तोडून मिळतात. प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधल्या की त्या घामेजतात आणि काळ्या पडतात. ओलसर फडक्यात गुंडाळून न्याव्यात आणि दुसऱ्या दिवशी संपवाव्यात. भांबुर्डीची जुडी पाण्यात उभी ठेवली तर रात्रभर टिकते. शहरात मडकं आणि मोकळं खाचर नसलं तर जाड बुडाच्या पातेल्यात तळाला पाल्याचा थर, वर मीठ-ओवा लावलेल्या शेंगा, त्यावर पुन्हा पाला, झाकणाच्या कडेला कणकेची वात आणि मंद आचेवर पंचवीस मिनिटं. धुराचा वास येत नाही, पण भांबुर्डीचा येतो.